ना-हरकत

निशा फाट्यावर बसमधून उतरली तेव्हा साडेनऊही वाजले नव्हते, पण बहादरपूरच्या रस्त्यावरचं डांबर चपलेला चिकटायला लागलं होतं. एका हातात खरबुजांची पिशवी आणि खांद्यावर काळी बॅग. बॅग कोणाच्या नजरेत येऊ नये म्हणून तिने वरून ओढणी घेतली होती. तरी घरापर्यंत जाईतो तिला उगाच वाटत राहिलं, की समोरून येणारा प्रत्येक माणूस आधी त्या बॅगेकडे बघतो आणि मग तिच्या तोंडाकडे.

चौदा वर्षांत तिची एकही आखाजी, अक्षय्य तृतीयेची माहेरची फेरी, चुकली नव्हती. मिल कॉलनीतल्या क्वार्टरपासून माहेरापर्यंतच्या दोन तासांत दरवेळी ती खिडकीला डोकं टेकून झोपून जाई. आज ती झोपली नव्हती. आज तिने सगळा रस्ता एकच वाक्य घोकलं होतं. दादा, मी मिलची नोकरी सोडली.

राजीनामा फेब्रुवारीत मंजूर झाला होता. क्वार्टर या महिन्याअखेर खाली करायचं होतं. आणि घरात अजून कोणाला पत्ता नव्हता. दर रविवारी फोनवर माय विचारी, "ड्युटी कशी चाललीय गं बाई?" आणि निशा म्हणे, "चाललीय."

चहाच्या वेळी सांगून टाकायचं, असं तिने ठरवलं होतं. मग बाबांच्या नावाची घागर, मग जेवण, आणि चार वाजता मुलाखत. पुण्याची कंपनी होती, मुलाखत लॅपटॉपवरच होती. आखाजी सोडून दुसरा दिवस मागावा असं तिला वाटलं होतं, पण याआधी दोन कंपन्यांनी तिला नको म्हटलं होतं, आणि तिसरीकडे तारीख बदलून मागायची तिची छाती झाली नाही.

अंगणात वहिनीने चूल पेटवून वर पालथं खापर ठेवलं होतं आणि पुरणाचे मांडे हातावर वाढवून ती त्यावर टाकत होती. आशाबाईंचा चेहरा जाळाने लाल झाला होता.

"या, निशाताई. पाणी घ्या आधी." मग नजर खांद्यावर गेली. "ही बॅग कशाची?"

"ऑफिसचं थोडं काम आहे, वहिनी. चारला एक मीटिंग आहे."

"आखाजीला? तुमच्या साहेबाला घरदार नाही का?"

निशा हसली. हसताना तिच्या लक्षात आलं, की तिने अंगणात पाय टाकून एक मिनिटही झालं नव्हतं आणि पहिलं खोटं बोलून झालं होतं.

चहा झाला. दादा बागेतून आला नव्हता. दादा आल्यावर सांगू, एकदाच, सगळ्यांना. तो आला तेव्हा माय घागर मांडत होती, आणि बाबांच्या घागरीसमोर हे सांगायला तिची जीभ उचलली नाही.

मायने, रंभाबाईंनी, नवी लाल घागर धुऊन पाण्याने भरली, तिच्या तोंडावर छोटा लोटा ठेवला, लोट्यावर खरबूज आणि दोन सांजोऱ्या. दादाने, दिगंबरने, चुलीतले निखारे शेणाच्या गोवरीवर काढून घेतले आणि तुपात भिजवलेला मांड्याचा घास त्यावर टाकला. धूर सरळ वर गेला. "बाबा, जेवा," तो म्हणाला. दरवर्षी तो एवढंच म्हणे.

बाबा, शंकरराव, मिलमध्ये मशीन हाऊसला होते. चौदा वर्षांपूर्वी रात्रपाळीत छातीत कळ आली आणि सकाळी मिलच्या गाडीने घरी आणलं तेव्हा ते गेलेले होते. त्यांच्या जागी घरातल्या एकाला नोकरी मिळणार होती. दिगंबर सव्वीस वर्षांचा होता, आयटीआय केलेला, आणि मिलमध्ये लागायचं हे शाळेत असल्यापासून ठरलेलं. निशा बावीस वर्षांची होती आणि जळगावच्या सासरहून दहा महिन्यांत परत आलेली, पुन्हा न जाण्यासाठी. माय दिगंबरला म्हणाली, "तुला बाग आहे. तिला काय आहे?" त्याने एक दिवस घेतला. दुसऱ्या दिवशी बुरहानपूरला जाऊन स्टॅम्प पेपरवर सही करून आला. माझी काही हरकत नाही, नोकरी बहिणीला द्यावी. आशाबाईंना सातवा महिना होता. त्यांना ही गोष्ट सही झाल्यावर कळली.

त्या कागदाबद्दल वहिनी नणंदेशी कधी एक अक्षर बोलली नव्हती. फक्त वादळात केळी आडवी झाली, की बागेकडे बघत म्हणायची, "पगार थोडाच वाऱ्याने पडतो."

"निशा," हात धुता धुता दिगंबर म्हणाला, "मायच्या डोळ्याचं विचारलंस का हॉस्पिटलात? जूनमध्ये करून टाकू. उजव्या डोळ्याने तिला आता चूलही नीट दिसत नाही."

मायचं नाव निशाच्या मिल हॉस्पिटलच्या कार्डावर होतं. ते कार्ड आता चालणार नव्हतं.

"विचारते," ती म्हणाली.

दुसरं खोटं.

पानं वाढली तेव्हा दारात स्कूटर थांबली. सुधाकरकाका. बाबांच्या पाळीतला माणूस, आता रिटायर होऊन शहरात राहत होते, पण आखाजीला मित्राच्या घागरीला नमस्कार करायला न चुकता येत. निशाने त्यांना पाहिलं आणि मान खाली घालून ताट पुढे ओढलं. कॉलनीतल्या निम्म्या घरांत काकांचं जाणं-येणं होतं.

काका बसले, रसाच्या दोन वाट्या झाल्या, उन्हाच्या गोष्टी झाल्या. निशा मनात म्हणत होती, उठा आता, काका, उठा. काकांनी कुरडई मोडली आणि अगदी मायेने विचारलं,

"मग निशा, सामान कधी हलवतेस? टेम्पो लागला तर सांग, गोटूचा आहे घरचा. क्वार्टर वेळेत सोडलेलं बरं असतं बेटा."

"कसलं क्वार्टर?" दिगंबर म्हणाला.

काकांनी निशाकडे पाहिलं. मग दिगंबरकडे. कुरडईचा तुकडा हातातच राहिला.

"मी नोकरी सोडली, दादा," निशा म्हणाली. इतकं घोकलेलं वाक्य, पण आवाज भलत्याच कोणाचा तरी बाहेर आला.

पंखा फिरत होता. अंगणातल्या कडुलिंबाला बांधलेल्या झोक्यावर तृप्ती, दादाची पोर, मैत्रिणींबरोबर गाणं म्हणत होती, ते एकदम मोठ्याने ऐकू यायला लागलं.

"किती दिवस झाले?"

"फेब्रुवारीत मंजूर..."

"दिवस विचारले."

"ब्याऐंशी."

दिगंबरने ताटातला घास खाऊन टाकला. अन्न टाकायचं नाही हे त्याच्या हाडात होतं. पाणी प्याला. "का?"

आणि इथे, ज्याची तिने सगळ्यांत जास्त तयारी केली होती तिथेच, तिचे शब्द अडखळायला लागले. ती कॉम्प्युटरचं शिकते आहे. सॉफ्टवेअर बनवायचं. आठ महिन्यांचा बूटकॅम्प आहे, ऑनलाइन. पहिले पाच महिने ड्युटीवरून आल्यावर करता आलं, पण शेवटचे तीन महिने सकाळी नऊ ते संध्याकाळी सात बसावं लागतं. एवढी रजा शिल्लक नव्हती.

"कॅम्प?" काका चाचरत म्हणाले. "म्हणजे एनसीसीसारखा?"

"नाही काका. थोड्या दिवसांत खूप शिकवतात, म्हणून तसं नाव."

"आणि मग कुठे लागणार?" दिगंबर म्हणाला.

"अजून कुठे नाही. आज चार वाजता मुलाखत आहे."

"म्हणजे पक्की सोडून कच्ची पण हातात नाही."

"दादा..."

"तुझ्या त्या वर्गात तुझ्या वयाचं कोण आहे?"

बॅचमध्ये बत्तीस जण होते. तिच्यानंतर सगळ्यांत मोठा सत्तावीसचा होता. पहिल्या महिन्यात सगळे तिला मॅडम म्हणत, कारण त्यांना वाटलं होतं ती शिकवायला आहे.

आशाबाई उंबऱ्यात उभ्या होत्या. हातात मांड्यांचं ताट. त्यांनी ते हळूच खाली ठेवलं.

"निशाताई, चौदा वर्षांत मी काही विचारलं नाही. आज एक विचारते. जे तुमचं एकटीचं नव्हतं, ते सोडताना तुम्ही कोणाला विचारलं?"

"आशा," रंभाबाई म्हणाल्या.

"नाही माय, आज बोलू द्या. ह्यांनी सही केली तेव्हा मला नाही विचारलं. ताईंनी सोडली तेव्हा ह्यांना नाही विचारलं. या घरात कागदावर सह्या होतात आणि आम्हाला नंतर कळतात." त्यांचा आवाज चढला नव्हता, आणि म्हणूनच तो निशाला सहन होईना. "आणि मायच्या डोळ्याचं काय? मघाशी विचारते म्हणालात. कोणाला विचारणार होतात?"

"माझ्या डोळ्याला मध्ये घेऊ नका," रंभाबाई म्हणाल्या. "तिला जेवू द्या आधी."

पण जेवलं कोणीच नाही. दिगंबर उठला, खुंटीवरचा गमछा डोक्याला गुंडाळला आणि त्या भर उन्हात बागेकडे निघून गेला. काका दोनदा म्हणाले, "मला काय माहीत, मला वाटलं घरात ठाऊक असेल," आणि स्कूटरला तीन किक मारून गेले.

साडेतीनला बिजली गेली.

निशा मधल्या खोलीत पाटावर लॅपटॉप ठेवून बसली होती. बॅटरी पूर्ण होती, पण मोबाइलची रेंज खोलीत एका रेषेवर येई आणि मरून जाई. ती भिंतीभिंतीने मोबाइल फिरवत राहिली. शेवटी ओसरीकडच्या खिडकीच्या कट्ट्यावर तीन रेषा आल्या. म्हणजे खिडकी उघडीच ठेवावी लागणार. पंखा बंद, खिडकीतून झळा, आणि पलीकडे ओसरी. जे बोलू ते सगळं घर ऐकणार.

तिने ओढणीने मान पुसली. तिने स्वतःला विचारलं, ही धास्ती कशाची? मुलाखतीची का दादाची? काल रात्री पाठ केलेलं एकही उत्तर आता आठवत नव्हतं. चार वाजायला पाच मिनिटं असताना तिला वाटलं, लॅपटॉप बंद करावा, रेंज नव्हती म्हणून कळवावं. खोटंही नसतं ते. निम्मं तरी.

दार उघडलं. आशाबाईंनी पाण्याचा तांब्या ठेवला. त्या नणंदेकडे न बघता खिडकीपर्यंत गेल्या आणि अंगणात ओरडल्या, "तृप्ती! झोका बंद करा आता. पाऊण तास आवाज नको!" मग आल्या तशा निघून गेल्या.

स्क्रीनवर एक बाई आली. केस कापलेले, मागे पांढरी भिंत. "नमस्कार, मी रोहिणी. टीम लीड. माझं शिक्षण नागपूरला झालंय, मराठीत बोललात तरी चालेल. कोड मात्र कोडच्या भाषेत." ती हसली. निशाला हसता आलं नाही.

पहिला प्रश्न तोच, ज्याची भीती होती.

"चौदा वर्षांची पक्की नोकरी का सोडली?"

बूटकॅम्पमधल्या मार्गदर्शकाने या प्रश्नाचं उत्तर इंग्रजीत लिहून दिलं होतं. चांगलं होतं. त्यात वाढ, संधी, आवड असे शब्द होते. निशाने तोंड उघडलं आणि त्यातला एकही शब्द आला नाही. खिडकीबाहेर ओसरीवर माय कण्हत खाली बसल्याचा आवाज आला.

"मी टाइम ऑफिसला होते, मॅडम," ती म्हणाली. "हजेरी. कोण कधी आत आलं, कधी बाहेर गेलं. बारा वर्षं रजिस्टरवर. मग कॉम्प्युटर आला. तर रात्रपाळीची माणसं गैरहजर दिसायला लागली. रात्री दहाला आत येतात, सकाळी सहाला बाहेर जातात, मध्ये तारीख बदलते. मशीनला वाटे हा माणूस एका दिवशी आला पण गेलाच नाही, आणि दुसऱ्या दिवशी गेला पण आलाच नव्हता. दोन्ही दिवस गैरहजर. लोक माझ्या टेबलाशी येऊन भांडायचे. मग बसवायला आलेल्या मुलाने सहा ओळी लिहिल्या आणि सगळं बरोबर झालं. दोनशे माणसं हजर झाली. मी त्याला म्हटलं, मला दाखव. त्याने दाखवलं. मला रात्रभर झोप आली नाही."

"आणि?"

"आणि मग मला तिथे बसवेना. नोकरी चांगली होती, मॅडम. पण ती मी मिळवलेली नव्हती. वडील गेले म्हणून मिळाली, आणि भावाने सोडली म्हणून मिळाली. तिथे मला सगळे शंकररावांची पोरगी म्हणून ओळखत. प्रेमाने. पण मला एकदा बघायचं होतं, माझं म्हणून मला काय येतं."

रोहिणीने मान हलवली आणि काहीतरी लिहून घेतलं. "छान. मग हजेरीचाच प्रश्न देते. नोंदींची यादी आहे. प्रत्येकात नाव, आत येण्याची वेळ, बाहेर जाण्याची वेळ. प्रत्येकाचे एकूण तास काढा. पंचवीस मिनिटं."

निशाने लिहायला सुरुवात केली. बोटं ओली होती, अक्षरं चुकत होती. लूप बरोबर आला. तारीख ओलांडणारी रात्रपाळी, ती तर तिची घरचीच. एक कंस राहिला होता, तो शोधण्यात चार मिनिटं गेली. तिने चालवून पाहिलं. तास बरोबर आले.

"चांगलं," रोहिणी म्हणाली. "आता समजा एका नोंदीत आत येण्याची वेळ आहे, पण बाहेर जाण्याची नाही. काय कराल?"

निशाची बोटं थांबली.

टाइम ऑफिसच्या कपाटात जुनी रजिस्टरं होती. नोकरीच्या पहिल्याच वर्षी, कोणी नसताना, तिने बाबांच्या शेवटच्या रात्रीचं काढून पाहिलं होतं. मशीन हाऊस, रात्रपाळी, शंकर. आत, नऊ वाजून पन्नास. बाहेरच्या रकान्यात काहीच नव्हतं. कोणी लाल शाईने काही लिहिलंही नव्हतं. ती गोष्ट तिने घरात कधीच सांगितली नव्हती.

"निशा? आवाज येतोय ना?"

"येतोय, मॅडम." तिने तांब्यातून घोटभर पाणी घेतलं. "बरेच जण तिथे शून्य तास धरतात. मी तसं नाही करणार. बाहेरची वेळ नाही म्हणजे माणूस आलाच नाही असं नसतं. तो आत आला होता, हे खरं आहे. कामाला लागला होता, हेही खरं. पुढे काय झालं ते मशीनला माहीत नाही. तर ती नोंद मी वेगळी काढून ठेवीन, आणि माणसाला विचारायला लावीन. गैरहजर मात्र लिहिणार नाही."

"लिहा तसं," रोहिणी म्हणाली.

तिने लिहिलं. पण त्यात वेळ गेला. दुसरा प्रश्न आला तेव्हा दहाच मिनिटं उरली होती. तो तिने कधी न सोडवलेल्या प्रकारचा होता. ती अर्ध्यावर पोचली, मग मागे आली, मग पुन्हा तिथेच अडकली. वेळ संपली तेव्हा पडद्यावर तिच्या पाच ओळी होत्या आणि पाचही चुकीच्या होत्या.

"आज संध्याकाळपर्यंत मेल येईल," रोहिणी म्हणाली. "सणाच्या दिवशी वेळ दिलात, थँक यू."

निशाने लॅपटॉप मिटला. खिडकीबाहेर पाहिलं तर ओसरीच्या खांबाला टेकून दिगंबर बसला होता. गमछा खांद्यावर, पायाला बागेतली माती. तो कधी आला तिला कळलं नव्हतं. शेजारी माय बसली होती, डोळ्याला पदर लावून.

ती बाहेर आली आणि पायरीवर बसली.

"ते आत येऊन बाहेरची वेळ नसलेल्या माणसाचं बोललीस, ते बाबांचंच ना? त्यांची वेळ लिहिलेली नव्हती?" दिगंबरने विचारलं.

"आतली होती. बाहेरची नव्हती."

"तू पाहिलंस?"

"पहिल्या वर्षी."

"मला नाही सांगितलंस."

"कसं सांगणार होते, दादा?"

त्याने पायाची माती नखाने खरवडली. "मला हवी होती ती नोकरी," तो म्हणाला. मायकडे न बघता, निशाकडेही न बघता. "सही केली तेव्हा सगळ्यांना वाटलं दिगूचं काही नाही, दिगूला बाग आवडते. मला बाग आवडत नव्हती. आता आवडते. पण तेव्हा मी बुरहानपूरहून येताना तापीच्या राजघाटावर दोन तास बसून होतो. वर येऊन घरी काय तोंड दाखवायचं कळत नव्हतं."

रंभाबाई हलल्या. हे त्यांनीही पहिल्यांदा ऐकलं होतं.

"मला विचारायचं होतंस, निशा."

"विचारलं असतं तर तू नाही म्हणाला असतास."

"म्हणालोच असतो."

"म्हणून नाही विचारलं."

दिगंबरच्या गळ्यातून एक आवाज निघाला. तो रागाचा होता की आणखी कशाचा, हे निशाला कळलं नाही. ती त्याच्याकडे बघायला घाबरली.

"मी चुकले," ती म्हणाली. "सोडली ते नाही. ब्याऐंशी दिवस खोटं बोलले, ते चुकले."

"हे तिथूनच गेले," रंभाबाई एकदम म्हणाल्या. त्यांनी नवऱ्याचं नाव आयुष्यात घेतलं नव्हतं. "आणि मी माझ्या पोरीला त्याच दारातून चौदा वर्षं आत पाठवली. दर रविवारी फोनवर ड्युटीचं का विचारायची मी? ती बाहेर आलीय एवढंच मला ऐकायचं असायचं." त्यांनी पदर बाजूला केला. "मोतीबिंदू काय, सरकारी दवाखान्यातही काढतात. त्या वरच्या आळीतल्या बायकांचे नाही काढले?"

सहाच्या सुमाराला उन्हं कलली आणि अंगणात पुन्हा झोका सुरू झाला. मोबाइल वाजला. निशाने मेल उघडला. पहिल्या ओळीत आभार होते. ज्या मेलच्या सुरुवातीलाच आभार असतात त्यात पुढे काय असतं, हे तिला आता दोन वेळच्या अनुभवाने माहीत झालं होतं. तरी तिने शेवटपर्यंत वाचला. तिची विचार करण्याची पद्धत आवडली होती, पण सध्याच्या जागेसाठी त्यांना अधिक वेगाने काम करणारी व्यक्ती हवी होती.

क्वार्टर, कार्ड, मायचा डोळा, छत्तीस वर्षं. सगळं एकदम अंगावर आलं. ती चुलीजवळ जाऊन उभी राहिली, कारण तिथे कोणी नसेल असं तिला वाटलं.

पण वहिनी होती. राखेत खापर घासत होती.

"नाही म्हणाले?" आशाबाईंनी विचारलं.

निशाने मान हलवली. आता त्या काहीतरी बोलणार, आणि ते बोलणं खरं असणार, असं समजून ती उभी राहिली.

आशाबाईंनी हातावर पाणी घेतलं. "खरं सांगू का, निशाताई? दुपारी मला लई राग आला होता. मग तुम्ही आत बोलत होतात तेव्हा मी इथे बसून विचार केला. चौदा वर्षं या घरात ती नोकरी होती. तुम्ही साडी आणली तरी मला वाटायचं, माझ्याच नवऱ्याच्या पगारातली. तुम्ही रिकाम्या हाताने आलात तर वाटायचं, एवढं घेऊन बसलीय आणि बघा. तुम्ही काहीही केलं तरी मला ते गोड लागत नव्हतं." त्या थांबल्या. "आता ती तुमच्याकडे पण नाही, आमच्याकडे पण नाही. सुटले मी एकदाची. आता तुम्ही नुसत्या नणंद."

निशाला रडू आलं आणि ते थांबवायचा तिने प्रयत्न केला नाही. आशाबाई जवळ आल्या नाहीत. त्यांनी फक्त घासलेलं खापर तिच्या हातात दिलं. "हे पालथं ठेवा तिकडे, भिंतीशी. जपून, फुटेल. आणि सामान इकडेच आणा. मधल्या खोलीत तृप्ती झोपते, तिला तुमच्याजवळ बरंच वाटेल. पण दुपारच्या पोळ्या तुमच्याकडे. नऊ ते सात बसायचं असलं तर पहाटे करून बसा."

ती खापर ठेवून वळली तर दिगंबर उंबऱ्यात उभा होता. त्याने सगळं ऐकलं असावं.

"पहिलेच का हे, नाही म्हणणारे?" त्याने विचारलं.

"तिसरे."

"मिलमध्ये परत घेतील?"

"नाही, दादा. ते दार आता बंद झालं."

त्याने मान वळवून बागेकडे पाहिलं. संध्याकाळच्या वाऱ्याने केळीची पानं एकमेकांवर घासत होती. निशाला वाटलं, आता तो आत जाईल, आणि पुढच्या आखाजीपर्यंत दोघांत फक्त कामापुरतं बोलणं राहील. तो गेला नाही.

"मग पुढे?"

"शुक्रवारी एक आहे. इंदूरची कंपनी आहे, छोटी. त्यातही होईल असं नाही. मला भीती वाटते, दादा. दुसरा प्रश्न मला आलाच नाही. तसलाच पुन्हा आला तर?"

"तसले प्रश्न पुस्तकात असतात का?"

"असतात."

"मग बुध, गुरु दोन दिवस आहेत." त्याने खिशातून मोबाइल काढला. तारखा बघत होता की नुसता हातात धरून उभा होता, ते तिला दिसलं नाही. "शुक्रवारी किती वाजता?"

"अकराला," निशा म्हणाली.